पुण्याहून लोकलने भाजे आणि कार्ले लेणी: एका दिवसाच्या सहलीविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पुण्यातील आम्ही काही लेणीप्रेमी मंडळी पुणे-लोणावळा लोकलने भाजे आणि कार्ले येथील बौद्ध लेण्यांची एका दिवसाची सहल मार्गदर्शकासह काढतो. नावनोंदणीच्या आधी आणि सहलीहून परतल्यावरही जे प्रश्न आमच्याकडे पुन्हा पुन्हा येतात, ते उत्तरांसह येथे एकत्र केले आहेत. एखाद्या मुद्द्याचा विस्तार दुसऱ्या उत्तरात असेल, तर तेथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. एका दिवसात नेमके काय पाहून होते?

भाजे आणि कार्ले ही दोनच ठिकाणे. सकाळी साडेसहाच्या सुमारास पुणे स्थानकातून लोकलने निघायचे, आठच्या आसपास मळवलीला उतरायचे, सकाळचे तीन तास भाज्याच्या लेण्यांना द्यायचे, गावात जेवायचे, दुपारी रिक्षाने कार्ल्याला जायचे आणि संध्याकाळच्या लोकलने परतायचे, असा दिवस असतो. याच पट्ट्यातील बेडसे हे तिसरे ठिकाणही त्याच दिवशी उरकावे, अशी सूचना वरचेवर येते. सुरुवातीला आम्ही तसे करून पाहिले. तिन्ही ठिकाणी पाय लागले खरे, पण कार्ल्याच्या चैत्यगृहात वीस मिनिटांपेक्षा जास्त थांबता आले नाही, आणि परतीच्या गाडीत कोणता स्तंभ कोठला हेच कोणाला आठवेना. तेव्हापासून बेडसे वेगळ्या दिवसासाठी राखून ठेवले आहे (प्रश्न १७).

२. लेणी म्हणजे गुहाच ना? चैत्य, विहार हे शब्दही कळत नाहीत.

गुहा निसर्गाने घडलेली असते. लेणे माणसाने छिन्नी-हातोडीने कोरलेले असते. आपल्याकडचा कातळ बेसाल्टचा, म्हणजे थंड झालेल्या लाव्ह्याचा. तो कठीण असला तरी सलग असतो, त्यामुळे त्यात आधार न देता मोठी दालने कोरता येतात. 'लेणे' हा शब्दही त्याच काळातला आहे. कार्ल्याच्या एका शिलालेखात 'वलुरकेसु लेणवासिनं', म्हणजे 'वलुरक येथील लेण्यांत राहणाऱ्या', असा भिक्खूंचा उल्लेख येतो. वलुरक हे या स्थळाचे प्राचीन नाव. प्राकृतातला हा 'लेण' शब्द जवळजवळ दोन हजार वर्षे आपल्या तोंडी टिकून आहे, म्हणून आम्हीही फलकांवरच्या 'गुंफा'पेक्षा 'लेणी' हाच शब्द वापरतो.

चैत्यगृह म्हणजे ज्यात स्तूप आहे असे प्रार्थनेचे दालन. विहार म्हणजे भिक्खूंचे निवासस्थान. त्यात मधे मोकळी जागा आणि तिच्याभोवती लहान खोल्या असतात. पाण्याच्या कोरीव टाक्यांना शिलालेखांत 'पोढी' म्हटले आहे. एवढे तीन शब्द माहीत असले की बाकीचे जागेवर उलगडत जाते.

३. भाजे की भाजा? कार्ले की कार्ला?

गावांची नावे भाजे, कार्ले आणि बेडसे अशी आहेत. इंग्रजी फलकांवरून उलट वाचल्यामुळे भाजा, कार्ला, बेडसा ही रूपे रूढ झाली. रिक्षावाल्याला दोन्ही कळतात.

४. आमची स्वतःची गाडी आहे. मग रेल्वेनेच का यावे?

शनिवार-रविवारी जुन्या महामार्गावर आणि कार्ला फाट्यावर वाहनांची जी रांग लागते, ती पाहिलेल्यांना वेगळे सांगायला नको. पण आमचे खरे कारण निराळे आहे. सोपारा, कल्याण या बंदरांत उतरणारा माल बोरघाट चढून इंद्रायणीच्या खोऱ्यात येई आणि तेथून पुढे पैठण-तेरकडे जाई. भाजे, कार्ले, बेडसे ही लेणी याच व्यापारी वाटेच्या दोन्ही बाजूंच्या डोंगरांत आहेत. तांडे थांबत, व्यापारी दान देत, भिक्खू पावसाळ्यात तेथे राहत. १८५८ मध्ये खंडाळा-पुणे लोहमार्ग सुरू झाला आणि १८६३ मध्ये बोरघाटातला चढ पुरा झाला, तोही याच खोऱ्यातून. कारण सह्याद्री ओलांडायला येथे दुसरी सोयीची वाट नाही. लोकलने जाताना आपण त्या जुन्या वाटेच्याच कडेने जात असतो. गणिती आणि इतिहासकार दा. ध. कोसंबी पुण्यात राहत आणि नोकरीसाठी डेक्कन क्वीनने मुंबईला जात. या डोंगरांतून पायी हिंडूनच त्यांनी जुन्या वाटांचा आणि लेण्यांचा संबंध जोखला होता.

म्हणून एक विनंती. कामशेत सुटल्यावर मोबाईल खिशात ठेवावा. डाव्या खिडकीतून विसापूरचा सपाट माथा दिसतो, त्याच्या पोटाशी भाज्याची लेणी आहेत. उजव्या खिडकीतून कार्ल्याचा डोंगर दिसतो. मधे नदी, दोन्हीकडे लेणी आणि मधून वाट, हे सगळे एका नजरेत येते. मोटारीतून हे असे दिसत नाही.

५. तिकीट कोणते काढायचे आणि कोठे उतरायचे?

पुणे ते मळवली असे साधे दुसऱ्या वर्गाचे तिकीट लागते. ते खिडकीवर किंवा मोबाईलवर मिळते आणि भाडे पंधरा-वीस रुपयांच्या घरातच आहे. मोबाईलवर काढणार असाल, तर फलाटावर येण्यापूर्वीच काढून ठेवावे. शिवाजीनगर, खडकी, पिंपरी, चिंचवड, आकुर्डी येथील मंडळींना आपापल्या स्थानकावर चढता येते. पुढून तिसऱ्या डब्यात आम्ही असतो. मळवली हे लोणावळ्याच्या आधीचे शेवटचे स्थानक आहे आणि पुण्याहून तेथे पोहोचायला सव्वा तासाच्या आसपास लागतो.

लांब पल्ल्याच्या गाड्या मळवलीला थांबत नाहीत, हे मात्र पक्के ध्यानात ठेवावे. एकदा आमच्यातल्या चौघांची लोकल चुकली आणि मागून आलेल्या एक्स्प्रेसमध्ये ते घाईने चढले. ती मळवलीवरून वेगाने निघून गेली, तेव्हा आम्ही फलाटावर उभे राहून त्यांना नुसते पाहत होतो. लोणावळ्याला उतरून रिक्षाने ते भाज्याला आले, तोवर चैत्यगृह बघून झाले होते. लोकल चुकल्यास आधी आम्हाला फोन करावा. आणखी एक गोष्ट: लोकलमध्ये स्वच्छतागृह नसते.

६. दुपारीच परत फिरता येईल का? घरी लहान मूल आहे.

अवघड आहे. सकाळच्या आणि संध्याकाळच्या मानाने दुपारच्या लोकल फारच विरळ आहेत. मधे काही तासांचे अंतर पडते. प्रवासी या मार्गावर दुपारच्या गाड्यांची मागणी सातत्याने करत आले आहेत. लवकर निघणे भाग असेल, तर मळवलीला ताटकळत बसण्याऐवजी रिक्षाने लोणावळ्याला जाऊन तेथून पुण्याची एक्स्प्रेस किंवा एसटी पकडावी. वेळापत्रक बदलत असते, त्यामुळे सहलीच्या आदल्या संध्याकाळी आम्ही त्या दिवसाच्या गाड्यांच्या वेळा सर्वांना कळवतो.

७. चालणे किती आणि पायऱ्या किती? आई-वडिलांना आणता येईल का?

मळवली स्थानकातून भाजे गाव दीड-दोन किलोमीटरवर आहे. द्रुतगती महामार्गावरचा पूल ओलांडून रस्ता सरळ गावात जातो. गावापासून लेण्यांपर्यंत दोनशेच्या आसपास पायऱ्या आहेत. कार्ल्याला पायथ्यापासून साडेतीनशेच्या आसपास चढाव्या लागतात, पण वाहन डोंगरात बऱ्याच वरपर्यंत जात असल्याने त्यातल्या पुष्कळ वाचतात. रोज तासभर फिरायची सवय असलेले सत्तरीचे गृहस्थ आमच्याबरोबर आरामात येतात. गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेल्यांनी किंवा दम लागणाऱ्यांनी भाजे करावे आणि कार्ल्याला वाहनाने वरपर्यंत यावे. चढताना नव्हे, उतरताना गुडघे बोलतात, म्हणून काठी जवळ असू द्यावी. चाकांची खुर्ची यांपैकी कोणत्याही लेण्यापर्यंत नेता येत नाही.

८. भाजे आणि कार्ले सारखीच दिसतात. मग दोन्ही कशाला?

छायाचित्रांत ती सारखी दिसतात हे खरे. पण त्यांच्यामध्ये दोन-अडीच शतकांचे अंतर आहे, आणि सकाळी एक व दुपारी दुसरे पाहिले की ते अंतर डोळ्यांना जाणवते.

भाज्याची लेणी इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातील असून एकूण २२ आहेत. तेथील चैत्यगृह ज्यांनी कोरले, त्यांच्या हाताला लाकडाची सवय होती आणि दगडाची नवलाई. सत्तावीस अष्टकोनी खांब सरळ उभे नाहीत, ते आतल्या बाजूला किंचित झुकलेले आहेत. लाकडी इमारतीत छताचा रेटा पेलण्यासाठी खांब असे तिरके रोवतात; दगडात तशी काहीच गरज नव्हती, पण हात जुन्या वळणानेच चालला. छताला लाकडी फासळ्या आहेत, त्याही मुळातल्या. त्यांतल्या काहींवर ब्राह्मी अक्षरे कोरलेली सापडली आहेत. दर्शनी भाग आज उघडा आहे, कारण तेथे लाकडी पडदी होती आणि ती काळाच्या ओघात नष्ट झाली. उंबऱ्याशी उभे राहून कातळाकडे नीट पाहिले, तर ती पडदी अडकवण्यासाठी केलेली चौकोनी खाचांची ओळ दिसते. आम्ही तेथे पाच मिनिटे काही न बोलता थांबतो. ज्याची त्याला खाच सापडू द्यावी, एवढाच हेतू.

कार्ल्याचे चैत्यगृह इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या आसपासचे आहे. सुमारे १२४ फूट लांब असलेले हे भारतातील सर्वांत मोठे कोरीव चैत्यगृह. येथे खांब सरळ उभे आहेत. दोन्ही बाजूंच्या पंधरा-पंधरा खांबांना पायाशी घट आणि माथ्यावर हत्तींवर बसलेल्या जोडप्यांची शिल्पे आहेत. स्तूपामागचे सात खांब मात्र साधे अष्टकोनी ठेवले आहेत. दर्शनी भिंत आता लाकडाची नव्हे, दगडाचीच आहे. पण लाकूड पुरते सुटलेले नाही. छताला सागवानी फासळ्या आहेत आणि स्तूपावरची लाकडी छत्री अजून जागेवर आहे. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचे लाकूड डोक्यावर पाहायला मिळावे, अशा जागा फार थोड्या.

क्रमही विचार करून ठरवला आहे. कार्ल्याचे चैत्यगृह पश्चिमाभिमुख आहे. दुपारी तीननंतर दर्शनी कमानीच्या गवाक्षातून ऊन आत शिरते आणि खांबांच्या रांगेवरून हळूहळू सरकत जाते. सकाळी तेच दालन अंधारलेले असते.

९. जागेवर माहितीचे फलक आहेत. मग मार्गदर्शकाची गरज काय?

फलकावर काळ, माप आणि शैली लिहिलेली असते. माणसे लिहिलेली नसतात. लेण्यांच्या भिंतींवर मात्र माणसेच आहेत, आणि ती दाखवणे हेच आम्ही आमचे मुख्य काम मानतो.

कार्ल्याच्या व्हरांड्यात डाव्या टोकाला वैजयंतीचा, म्हणजे कर्नाटकातील बनवासीचा, श्रेष्ठी भूतपाल याचा लेख आहे. हे जंबुद्वीपातील उत्तम शैलगृह आपण पूर्ण केले, असे त्यात तो अभिमानाने सांगतो. बाहेरचा सिंहस्तंभ महारठी अगिमित्रणक याचे दान आहे. पण ही झाली मोठी माणसे. धेनुकाकट गावच्या सिंहदत्त नावाच्या गंधिकाने, म्हणजे अत्तर-सुगंधी द्रव्ये विकणाऱ्याने, एका दाराचे दान दिले आहे. त्याच गावच्या सामी नावाच्या सुताराने दाराचे काम केले आणि स्वतःचे नाव बापाच्या नावासह कोरून ठेवले. सोपाऱ्याच्या सातिमित या भाणकाने, म्हणजे धम्मवचनांचे पठण करणाऱ्या भिक्खूने, जो खांब दिला त्यात अस्थिधातू ठेवल्याचे लेखात म्हटले आहे. एका वेदिकेचे, म्हणजे कोरीव कठड्याचे, दान कोडी नावाच्या भिक्खुणीचे आहे, आणि तिची ओळख 'घुणिकाची आई' अशी दिली आहे. घर सोडून भिक्खुणी झालेल्या बाईची ओळख दगडावर कोरताना तिच्या लेकराचे नाव सुटले नाही. हा लेख आम्ही वाचून दाखवतो तेव्हा गटातल्या गप्पा आपोआप थांबतात.

ही अक्षरे हाताच्या पंजाएवढीही नाहीत, आणि कोठे पाहायचे हे कोणी सांगितले नाही तर त्यांच्यावरून नजर सहज घसरून जाते. एवढे सांगायला सोबत कोणीतरी असावे. बाकीची माहिती वाचूनही मिळते.

१०. ही लेणी पांडवांनी एका रात्रीत खोदली, असे आजी सांगायची. ते कितपत खरे?

महाराष्ट्रात बहुतेक सगळ्याच लेण्यांविषयी अशी कथा सांगितली जाते. भिक्खूंची वस्ती उठून कित्येक शतके लोटल्यावर, एवढे काम माणसांनी केले असेल यावर गावकऱ्यांचा विश्वास बसेना. त्यातून ती जन्मली. आजीने सांगितले ते आदरापोटीच सांगितले. पण लेणी कोणी खोदली आणि पैसे कोणी दिले, हे शिलालेखच सांगतात (प्रश्न ९). ती पिढ्यान्‌पिढ्या, हप्त्याहप्त्याने, अनेकांच्या दानातून उभी राहिली. भाज्यात काही खोल्या अर्धवट राहिलेल्याही दिसतात.

११. भाज्याला बुद्धमूर्ती कोठेच दिसली नाही. मग ती बौद्ध लेणी कशी?

ही लेणी कोरली गेली तेव्हा बुद्धाची मानवी रूपातील मूर्ती घडवण्याची प्रथा नव्हती. स्तूप, बोधिवृक्ष, धम्मचक्र, पदचिन्हे यांतूनच त्यांचे स्मरण केले जाई, म्हणून चैत्यगृहात वंदनेचे स्थान स्तूपाचे आहे. कार्ल्याच्या दर्शनी भिंतीवर ज्या बुद्धमूर्ती दिसतात, त्या मूळ कामानंतर काही शतकांनी, महायान काळात भरल्या गेल्या. त्यांच्याशेजारची मिथुनशिल्पे मात्र आधीची आहेत. एकाच भिंतीवर दोन काळ शेजारी शेजारी आहेत, ते ओळखायला आम्ही जागेवर शिकवतो.

भाज्याला आणखी एक जागा चुकवू नये. चैत्यगृहापासून थोडे पुढे गेल्यावर चौदा लहान स्तूपांचा समूह लागतो. त्यांतले पाच कातळाच्या आत आणि नऊ बाहेर आहेत. ही येथे राहून गेलेल्या थेरांची, म्हणजे ज्येष्ठ भिक्खूंची, स्मारके आहेत आणि काहींवर अंपिनिक, धम्मगिरी, संघदिन अशी नावे आहेत. बरेच लोक त्यांना टेकून छायाचित्रे काढतात. ती समाधिस्थाने आहेत, एवढे लक्षात ठेवले तर तसे कोणी करणार नाही.

१२. भाज्यात तबला वाजवणारी स्त्री कोरली आहे, हे खरे का?

शेवटच्या बाजूच्या विहारातील शिल्पपटात एक स्त्री नृत्य करताना आणि दुसरी दोन उभी चर्मवाद्ये हातांनी वाजवताना दिसते. जोडवाद्य हातांनी वाजवण्याची रीत येथे किती जुनी आहे, याचा हा मोलाचा पुरावा. आजच्या तबल्याची घडण मात्र पुष्कळ नंतरची आहे, त्यामुळे 'दोन हजार वर्षांपूर्वीचा तबला' असे आम्ही म्हणत नाही. याच विहाराच्या व्हरांड्यात रथारूढ सूर्य आणि हत्तीवरचा इंद्र म्हणून ओळखली जाणारी प्रसिद्ध शिल्पे आहेत. ती नेमकी कोणाची यावर अभ्यासकांत मतभेद आहेत, आणि आम्ही सर्व मते सांगतो.

१३. स्तंभांवर 'यवन' असे लिहिले आहे. परदेशी लोकांनी दान दिले होते का?

कार्ल्याच्या अनेक स्तंभांवर 'धेनुकाकटा यवनस', म्हणजे 'धेनुकाकटच्या यवनाचे', अशी सुरुवात आहे. यवन हा शब्द मुळात ग्रीकांसाठीचा आणि पुढे पश्चिमेकडून आलेल्या इतरांसाठीचा. या दात्यांची नावे मात्र सिहधय अशी अस्सल येथल्या वळणाची आहेत. ते येथे स्थायिक झालेले, धम्म स्वीकारलेले व्यापारी असावेत, असे सामान्यतः मानले जाते. त्यांचे खांब आणि स्थानिकांचे खांब एकाच रांगेत, एकाच उंचीचे आहेत.

१४. कार्ल्याला आल्यावर एकवीरा आईचे दर्शन होईल ना?

होईल, पण रांग मोठी असेल तर दर्शन आणि लेणी यांपैकी एकच नीट होते. एकवीरा आई आगरी-कोळी समाजाची, चांद्रसेनीय कायस्थ प्रभूंची आणि इतर अनेक घराण्यांची कुलदेवता आहे, आणि मंदिर चैत्यगृहाच्या अगदी समोर आहे. चैत्रातील यात्रा, नवरात्र, रविवार आणि मंगळवार या दिवशी पायऱ्यांवर पाऊल ठेवायला जागा नसते. म्हणून आमची सहल बुधवारी आणि क्वचित शनिवारी असते. ज्यांना दर्शन घ्यायचे आहे त्यांच्यासाठी अर्धा तास राखलेला असतो. चपला मंदिरापाशीच काढाव्यात. ज्यांना दर्शन घ्यायचे नाही ते तेवढा वेळ सिंहस्तंभापाशी थांबतात. एकाच अंगणात दोन श्रद्धास्थाने आहेत; दोन्हींशी आदराने वागणे ही आमची अट आहे.

१५. लेण्यांत बुद्धवंदना म्हणता येईल का?

शांतपणे त्रिशरण-पंचशील म्हणायला आमची काहीच हरकत नाही. पुष्कळ उपासक मंडळी म्हणतात, आणि चैत्यगृहातील घुमणाऱ्या आवाजात ते ऐकणे हा निराळाच अनुभव असतो. मेणबत्ती, उदबत्ती, धूप आणि हार मात्र नकोत. काजळी कातळात मुरते आणि छताचे लाकूड जुने आहे. धुराने वरच्या पोळ्यांतल्या मधमाश्या उठण्याचा धोकाही खरा आहे. म्हणून त्या दिवशी उग्र वासाचे अत्तरही लावू नये.

१६. पावसाळ्यात सहल असते का? तेव्हाच तर डोंगर हिरवे असतात.

जून ते सप्टेंबर या काळात आम्ही सहल काढत नाही. पायऱ्यांवर शेवाळ असते, भाज्याच्या धबधब्याखाली गर्दी लोटते आणि दुर्घटनांच्या भीतीने प्रशासन मावळातील पर्यटनस्थळांवर मनाईचे आदेश काढते. नोंदणी केल्यावर अवकाळी पाऊस किंवा असा आदेश आला, तर पैसे परत मिळतात किंवा पुढची तारीख घेता येते.

पावसाळ्याचा लेण्यांशी असलेला संबंध मात्र जाणून घ्यावा असा आहे. एरवी फिरत राहणाऱ्या भिक्खूंनी पावसाळ्यात एके ठिकाणी राहायचे, या वर्षावासाच्या नियमातूनच अशा निवासांची गरज निर्माण झाली. नहपान या क्षत्रपाचा, म्हणजे शक राजाचा, जावई उषवदात याने वलुरकच्या लेण्यांत राहणाऱ्या भिक्खूंच्या निर्वाहासाठी करजिक गाव दिल्याचा लेख कार्ल्याला आहे. ऑक्टोबरमध्ये, पाऊस नुकताच सरलेला असताना, कोरीव टाकी काठोकाठ भरलेली असतात. पहिल्यांदा येणाऱ्यांनी शक्यतो तेव्हा यावे.

१७. बेडसे का वगळता? तेथे कसे जायचे?

वगळत नाही, त्याला स्वतंत्र दिवस देतो. कामशेतला उतरून तेथून रिक्षाने पायथ्याशी जायचे आणि सुमारे चारशे पायऱ्या चढायच्या. बेडसे पूर्वाभिमुख आहे, त्यामुळे तेथली वेळ सकाळची. कोवळे ऊन अरुंद वाटेतून थेट उंच स्तंभांवर येते आणि माथ्यावरचे घोडे, बैल, हत्ती व त्यांवरचे स्वार उजळतात. शेजारचा विहार पाठीमागे अर्धगोल आणि वर कमानदार छताचा आहे. विहार सहसा चौकोनी असतात, तसा हा नाही. गर्दी जवळजवळ नसते. ज्यांनी भाजे-कार्ले केले आहे त्यांनाच आम्ही बेडशाला नेतो, कारण हे दोन्हींमधला दुवा आहे आणि दोन्ही टोके पाहिल्यावरच तो उमगतो.

१८. भाज्याहून लोहगडही करता येईल का? आता तो जागतिक वारसा आहे ना?

होय, २०२५ मध्ये मराठ्यांच्या लष्करी स्थापत्यातील बारा किल्ल्यांना युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत स्थान मिळाले, त्यांत लोहगड आहे. भाज्यातूनच गडाची वाट जाते. पण गड आणि लेणी एकाच दिवशी केली तर लेण्यांवर अन्याय होतो: भर उन्हात उतरून आलेला माणूस शिलालेख वाचत नाही, सावली शोधतो.

१९. प्रवेशशुल्क, जेवण आणि छायाचित्रण यांचे काय?

दोन्ही लेण्यांवर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे प्रवेशशुल्क आहे. भारतीय नागरिकांना प्रत्येकी २५ रुपये, ऑनलाइन काढल्यास २० रुपये, आणि पंधरा वर्षांखालील मुलांना माफ. परदेशी पाहुण्यांना ३०० रुपये पडतात, तेव्हा पारपत्र सोबत असावे. हे शुल्क आणि लोकलचे भाडे सहलीच्या वर्गणीत धरलेले नाही.

जेवण भाजे गावात, पिठले-भाकरी आणि ठेचा. सकाळचा डबा, दोन लिटर पाणी आणि लहान विजेरी प्रत्येकाने आणावी. मोबाईलने छायाचित्रे काढता येतात. तिपाई आणि ड्रोन यांना पूर्वपरवानगी लागते. विजेरीचा झोत शिल्पावर समोरून न टाकता बाजूने टाकावा, म्हणजे झिजलेली रेघही उठून दिसते.

२०. भिंतींवर नावे कोरलेली दिसतात. कोणी करताना आढळले तर काय करावे?

वाद न घालता पहारेकऱ्याला बोलवावे. संरक्षित स्मारकाला इजा करणे हा १९५८ च्या कायद्याखाली गुन्हा असून, २०१० च्या दुरुस्तीनुसार दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. कार्ल्याच्या एका खांबावर दात्याच्या लेखाला खेटून बदामात कोरलेली दोन नावे आहेत. ती आता काढता येत नाहीत, कारण काढायला गेले तर शेजारचा लेखही जाईल.

२१. वाटेत देहूरोडची धम्मभूमी पाहता येईल का?

लोकल देहूरोडला थांबते, त्यामुळे परतताना ज्यांना उतरायचे आहे ते उतरू शकतात. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २५ डिसेंबर १९५४ रोजी तेथे बुद्धमूर्तीची स्थापना केली. नागपूरच्या दीक्षेपूर्वी जवळजवळ दोन वर्षे. सकाळी भाज्याचे स्तूप पाहून संध्याकाळी येथे येणे अनेकांना महत्त्वाचे वाटते, म्हणून डिसेंबरच्या सहलीत आम्ही सर्वजण तेथे उतरतो. हा थांबा ऐच्छिक नसून त्या सहलीचा भागच असतो.

२२. जुन्नर किंवा अजिंठा रेल्वेने एका दिवसात होईल का?

नाही. जुन्नरला महाराष्ट्रातील लेण्यांचा सर्वांत मोठा समूह आहे, पण तेथे लोहमार्ग नाही; एसटीने जावे आणि किमान एक मुक्काम करावा. अजिंठ्याला पुण्याहून एका दिवसात जाऊन येणे शक्य नाही.

२३. मला ब्राह्मी येत नाही. तरी शिलालेखातले काही स्वतः वाचता येईल का?

येईल, आणि त्याची तयारी आम्ही लोकलमध्येच करून घेतो. ब्राह्मीतला 'ठ' म्हणजे नुसते वर्तुळ. आपल्या 'ठ'चे पोट अजून गोल आहे ते त्यामुळेच. वर्तुळात टिंब दिले की 'थ'. 'ट' म्हणजे उजवीकडे उघडा असलेला अर्धगोल, आणि 'क' म्हणजे अधिकचे चिन्ह, उभी रेघ जरा लांब केलेले. एवढी चार अक्षरे तळेगाव येईपर्यंत पाठ होतात.

मग कार्ल्याच्या चैत्यगृहात खांबासमोर उभे राहून एकापाठोपाठ एक आलेल्या दोन अधिकच्या खुणा शोधायच्या. त्यांच्या लगेच पुढे अर्धगोल दिसला, तर ते 'काकटा', म्हणजे धेनुकाकट गावचे नाव आहे. त्यानंतर कोठेतरी टिंब असलेले वर्तुळ येईल. तेथून 'थभो' सुरू होतो, म्हणजे खांब. गेल्या खेपेला एका सहावीतल्या मुलीने असे पाच खांब एकटीने शोधले आणि सहाव्यावर येऊन म्हणाली, "काका, या खांबावर गाव नाहीये." ती बरोबर होती.